क्राकूवहून एका दिवसात ऑशविट्झ: स्वतःच आखणी करून जाताना या चुका टाळा

पोलंडमधली, आता संग्रहालय असलेली ऑशविट्झ ही नाझी छळछावणी पाहून आलेल्यांना तिथे काय पाहिले असे विचारले, तर बहुतेक जण लोखंडी फाटक, विटांच्या दुमजली इमारती आणि काचेआडचा बुटांचा ढीग एवढेच सांगतात. हे सारे पहिल्या छावणीतले, म्हणजे ऑशविट्झ एकमधले आहे. तिथून सुमारे तीन किलोमीटरवर असलेल्या बिर्केनाऊचा, म्हणजे दुसऱ्या छावणीचा विषय निघाला, तरी 'शेवटी तिथेही जाऊन आलो' यापलीकडे फारसे काही ऐकू येत नाही. १९४० ते १९४५ या काळात ऑशविट्झमध्ये सुमारे ११ लाख माणसे मारली गेली. त्यांतले सुमारे १० लाख ज्यू होते आणि त्यांतल्या बहुसंख्यांचा जीव बिर्केनाऊत गेला. एका दिवसाच्या भेटीत होणाऱ्या बहुतेक चुका एकाच गोष्टीपाशी येऊन थांबतात: ज्या जागी सर्वाधिक घडले, त्या जागेसाठी सर्वांत कमी वेळ उरतो.

पहिल्या खेपेला मीही हेच केले. नोव्हेंबर सरत आला होता, पहिल्या छावणीत साडेतीन तास कसे गेले ते कळले नाही आणि बिर्केनाऊच्या फाटकाशी पोचलो तेव्हा उजेड मावळू लागला होता. रुळांच्या कडेने निम्म्या वाटेपर्यंत जाऊन परत फिरावे लागले. नेमके काय राहून गेले होते, ते दुसऱ्या खेपेला कळले.

पास काढण्यात होणारा घोळ

प्रवेश विनामूल्य आहे. पैसे लागतात ते मार्गदर्शकाचे. तरीही शोधयंत्रात ऑशविट्झचे तिकीट शोधणारा माणूस मध्यस्थांच्या संकेतस्थळावर जाऊन पोचतो आणि जो पास संग्रहालय फुकट देते, त्यासाठी भरपूर रक्कम मोजून बसतो. वाहन, जेवण आणि मार्गदर्शक यांसह सहल घ्यायची असेल तर गोष्ट वेगळी. पण स्वतःच जायचे असेल, तर पास संग्रहालयाच्या अधिकृत संकेतस्थळावरूनच काढावा आणि उन्हाळ्यातल्या भेटीसाठी तो काही आठवडे आधी काढावा. 'तिथे गेल्यावर बघू' हा आपल्याकडचा हुकमी बेत इथे चालत नाही.

पासावर नाव असते आणि प्रवेशाच्या वेळी ओळखपत्र मागितले जाऊ शकते. आपल्याकडे स्वतःचे नाव, वडिलांचे किंवा पतीचे नाव आणि आडनाव यांचा क्रम प्रत्येक कागदावर वेगळा असतो, म्हणून पासावर नाव पारपत्रातल्याप्रमाणेच लिहावे. घरातल्या पाच जणांचे पास एकाच्याच नावाने काढून ठेवण्याचा उद्योग करू नये. मोठी पाठपिशवीही आत नेता येत नाही. साधारण वहीच्या आकाराची पिशवी चालते. नेमके माप निघण्यापूर्वी संकेतस्थळावर पाहावे आणि बाकीचे सामान क्राकूवच्या मुक्कामीच ठेवावे. सुरक्षा तपासणीची रांग लक्षात घेता पासावरच्या वेळेच्या किमान अर्धा तास आधी पोचलेले बरे.

स्वतंत्र जाणे म्हणजे मार्गदर्शकाशिवाय जाणे नव्हे

या दोन गोष्टींची सर्रास गल्लत होते. प्रवास स्वतः आखून, तिथे पोचल्यावर संग्रहालयाच्या मार्गदर्शकाच्या गटात सामील होता येते, आणि पहिल्यांदा जाणाऱ्याने तसेच करावे असे माझे स्पष्ट मत आहे. मार्गदर्शकाविना पहिल्या छावणीत शिरण्यासाठी मिळणाऱ्या वेळा मोजक्या असतात आणि गर्दीच्या महिन्यांत त्या बहुधा सकाळी लवकर किंवा दुपार कलल्यावर असतात. शिवाय आवारातले फलक मुद्दाम त्रोटक ठेवलेले आहेत. १० क्रमांकाच्या इमारतीत स्त्रियांवर नसबंदीचे प्रयोग होत, तिच्या आणि ११ क्रमांकाच्या इमारतीच्या मधल्या अंगणातल्या भिंतीपुढे कैद्यांना गोळ्या घातल्या जात, आणि त्याच ११ क्रमांकाच्या तळघरात १९४१ च्या सप्टेंबरात झायक्लॉन बी या विषारी वायूचा प्रयोग माणसांवर झाला. हे ठाऊक नसणाऱ्याला तिथे दिसतात त्या फक्त विटा.

गटाबरोबर जाण्यात एक तोटा आहे, तो म्हणजे वेग. कानात मार्गदर्शकाचा आवाज आणि मागून येणाऱ्या गटाची चाहूल, त्यामुळे प्रत्येक काचेपुढे काही क्षणच मिळतात आणि बहुतेक जण ते छायाचित्र काढण्यात घालवतात. त्यापेक्षा एक वस्तू निवडून तेवढी वाचावी. ५ क्रमांकाच्या इमारतीत मारल्या गेलेल्या माणसांच्या बॅगांचा ढीग आहे. संग्रहात अशा सुमारे ३,८०० बॅगा असून त्यांपैकी सुमारे २,१०० बॅगांवर मालकाचे नाव आहे. ही नावे कुणा कारकुनाने लिहिलेली नाहीत. सामान पुढे परत मिळेल या भरवशावर ज्याने त्याने आपल्या हाताने, जाड पांढऱ्या रंगात ती रंगवली आहेत. नाव, जन्मतारीख, गाव. काही ठिकाणी अक्षर सुबक आहे, काही ठिकाणी जागा न पुरल्याने शेवटची अक्षरे कोपऱ्यात दाटली आहेत. तिथेच स्वयंपाकाची भांडीही आहेत. संग्रहात अशी १२,००० हून अधिक भांडी आहेत: टवके उडालेली एनॅमलची पातेली, किटल्या, चाळण्या, डबे. पूर्वेकडे नवी वस्ती आणि काम मिळणार असे सांगून ज्यांना गाडीत बसवले, त्यांनी नवा संसार मांडण्याच्या तयारीने ही भांडी बरोबर घेतली होती. चाळणी घेऊन निघालेल्या बाईला आपण कुठे चाललो आहोत असे वाटत असेल, ते मार्गदर्शक सांगत नाही. ती चाळणी सांगते.

छायाचित्रांचा नियम साधा आहे: खाजगी वापरासाठी, फ्लॅश न वापरता काढता येतात, परंतु ४ क्रमांकाच्या इमारतीतल्या मानवी केसांच्या दालनात आणि ११ क्रमांकाच्या तळघरात ती अजिबात काढायची नाहीत. रुळांवर तोल सावरत चालतानाची छायाचित्रे काढू नयेत, असे आवाहन संग्रहालयाला २०१९ मध्ये जाहीरपणे करावे लागले होते. ते आजही लक्षात ठेवावे.

प्रवासाच्या चुका

ऑशविट्झ हे जर्मन नाव. गावाचे पोलिश नाव ओश्वियेंचिम. गाडीच्या फलकावर आणि वेळापत्रकात तेच असते, त्यामुळे स्थानकात उभे राहून 'ऑशविट्झ' शोधणाऱ्याची गाडी त्याच्या डोळ्यांदेखत निघून जाते. क्राकूवहून अंतर ७० किलोमीटरच्या आत आहे, पण प्रवासाला दीड तासाच्या आसपास वेळ धरावा. बस क्राकूवच्या मुख्य रेल्वे स्थानकामागच्या बस स्थानकातून सुटते आणि तिचा फायदा असा की ती थेट संग्रहालयापाशी सोडते. रेल्वेने गेल्यास ओश्वियेंचिम स्थानकावरून सुमारे दोन किलोमीटर चालावे लागते. परतीच्या गाडीची वेळ सकाळीच टिपून घ्यावी, रविवारी तर नक्कीच. खिशात युरो घेऊन फिरू नये, पोलंडचे चलन झ्लॉटी आहे.

दोन्ही छावण्यांच्या मध्ये संग्रहालयाची विनामूल्य बस धावते. हवा चांगली असेल आणि वेळ हाताशी असेल, तर हे अंतर चालत जाण्यासारखे आहे, कारण वाटेत थोडे आडबाजूला जुना फलाट लागतो. मे १९४४ पर्यंत ज्यू कैद्यांच्या गाड्या तिथे थांबत. बिर्केनाऊच्या फाटकातून आत जाणारे, सर्वांना छायाचित्रांतून परिचित असलेले रूळ त्यानंतरचे आहेत. हंगेरीतून सुमारे चार लाखांवर ज्यूंना आणायचे होते म्हणून ते टाकले गेले. हे ठाऊक नसले की आधीची दोन वर्षे डोळ्यांआड होतात.

वेलीच्का इथली मिठाची खाण आणि ऑशविट्झ एकाच दिवशी उरकण्याचा बेत अनेक सहल कंपन्या विकतात. त्या खाणीत सुमारे ८०० पायऱ्या आहेत आणि फेरीला दोन-तीन तास लागतात. हिशेब जुळतो तो केवळ कागदावर. प्रत्यक्षात कापला जातो तो बिर्केनाऊचा वेळ.

आपल्याकडून विशेषत्वाने होणाऱ्या चुका

आपल्या घरी दारावरच्या तोरणावर, जमाखर्चाच्या वहीच्या पहिल्या पानावर आणि गाडीच्या किल्लीला अडकवलेल्या पदकावर स्वस्तिक असते, आणि त्यात वावगे काही नाही. मात्र ज्या जमिनीवर हकेनक्रॉइत्सच्या, म्हणजे नाझींच्या स्वस्तिकासारख्या चिन्हाच्या झेंड्याखाली माणसे मारली गेली, तिथे ते चिन्ह अंगावर दिसेल असे बाळगणे म्हणजे समोरच्या माणसाला, ज्याचे आजोबा कदाचित याच फलाटावर उतरले असतील, विनाकारण दुखावणे आहे. पोलंडमध्ये नाझी चिन्हांचा प्रचार हा गुन्हा आहे. दोन चिन्हांतला फरक फाटकावरच्या रक्षकाला समजावत बसण्यापेक्षा गळ्यातले पदक आणि किल्लीची साखळी मुक्कामी ठेवावी.

दुसरी चूक बोलण्यातली. 'पोलिश छळछावणी' हा शब्दप्रयोग करू नये. छावणी जर्मनांनी, त्यांनी व्यापलेल्या पोलंडमध्ये उभारली. तिथे आणलेल्या पहिल्या मोठ्या तुकडीत, १४ जून १९४० रोजी, तार्नुवहून आलेले ७२८ पोलिश राजकीय कैदी होते. २००७ मध्ये युनेस्कोच्या यादीतले नावही मुद्दाम बदलून त्यात 'जर्मन नाझी' हे शब्द घातले गेले. याच बोलण्यात कोल्हापूरचा विषय कधी निघतो, कारण दुसऱ्या महायुद्धात सुमारे पाच हजार पोलिश निर्वासितांना वळिवड्यात आसरा मिळाला होता. पण ती माणसे सोव्हिएत सत्तेने हद्दपार केलेली होती. वळिवड्याचा आणि ऑशविट्झचा धागा एकच आहे असे मार्गदर्शकापुढे अभिमानाने सांगणे हे चुकीचे ठरेल.

आकडे जुळत नाहीत म्हणून बिथरू नका

बिर्केनाऊच्या स्मारकावरच्या पाट्यांवर सुमारे १५ लाख बळींचा उल्लेख आहे, संग्रहालय ११ लाख सांगते आणि जुन्या पुस्तकांत ४० लाख असा आकडा सापडतो. हे पाहून काहींना वाटते की कुणीतरी काहीतरी लपवते आहे. ४० लाख हा आकडा युद्धानंतर सोव्हिएत चौकशी आयोगाने दिला आणि पाट्यांवर तो १९९० पर्यंत होता. पुढे इतिहासकार फ्रांचिशेक पीपर यांनी आणलेल्या माणसांच्या याद्या आणि गाड्यांच्या नोंदी तपासून सुमारे १३ लाख माणसे आणली गेली व किमान ११ लाख मारली गेली असा निष्कर्ष काढला. दगडावर कोरलेला मजकूर त्या मानाने सावकाश बदलतो.

असाच गोंधळ दहनभट्ट्यांबाबत होतो. पहिल्या छावणीतली भट्टी युद्धानंतर अंशतः पुन्हा बांधली आहे आणि ती पाहून बरेच जण 'गॅस चेंबर पाहिले' म्हणून समाधान मानतात. बिर्केनाऊतल्या गॅस चेंबर आणि दहनभट्ट्यांच्या चार मोठ्या इमारतींपैकी चौथ्या क्रमांकाची ७ ऑक्टोबर १९४४ रोजी तिथे राबवल्या जाणाऱ्या कैद्यांनी बंड करून पेटवली, आणि उरलेल्या तिन्ही जानेवारी १९४५ मध्ये, सोव्हिएत सैन्य २७ तारखेला पोचण्यापूर्वी, एसएस या नाझी दलाने स्फोटकांनी उडवल्या. तिथे दिसतात ते कोसळलेले काँक्रीटचे छत आणि जमिनीखाली उतरणाऱ्या पायऱ्या. अवशेषांवर चढू नये आणि जमिनीवरचा एखादा तुकडा आठवण म्हणून उचलू नये. त्यासाठी पर्यटकांवर खटले झालेले आहेत.

बिर्केनाऊची वाट

सुमारे १७० हेक्टरांच्या या आवारात सावली जवळजवळ नाही, पावसात चिखल होतो आणि हिवाळ्यात वारा कापत जातो. पाणी, टोपी किंवा कानटोपी आणि चिखल सहन करणारे बूट हवेतच. मुक्कामाहून आणलेले डबे मात्र फाटकाबाहेर उघडावेत. १४ वर्षांखालील मुलांना आणू नये असे संग्रहालयच सुचवते.

बहुतेक गट फलाटाच्या टोकाला असलेल्या स्मारकाजवळून मागे वळतात. तुम्ही वळू नका. तिथून उजवीकडे झाडांच्या दिशेने गेल्यास लांब विटांची एक इमारत लागते, जिला छावणीत 'साऊना' म्हणत. कामासाठी निवडलेल्यांचे केस इथे कापले जात, कपडे काढून घेतले जात आणि हातावर क्रमांक गोंदवला जाई. आत, शेवटच्या दालनात, कैद्यांनी सोबत आणलेली घरगुती छायाचित्रे लावली आहेत, दोन हजारांहून अधिक. लग्नाचे जोडपे, पाण्यात पाय सोडून बसलेल्या मैत्रिणी, झबले घातलेले बाळ. गर्दी नसते. परतीच्या गाडीची वेळ या दालनापासून उलटी मोजावी: इथे अर्धा तास, फाटकापर्यंत चालत २५ मिनिटे, मग छावणीची बस, आणि त्यानंतर क्राकूवची गाडी.