कॅमिन्स्की ट्रॉफीचा बचावपटू कसा पारखायचा

ओंटारिओ हॉकी लीग, म्हणजे ओएचएल, ही कॅनडातली तरुण खेळाडूंची (ज्युनियर) आइस हॉकी लीग. ती दरवर्षी आपल्या सर्वोत्तम बचावपटूला मॅक्स कॅमिन्स्की ट्रॉफी देते. कॅमिन्स्की सेंट कॅथरिन्स टीपीज संघाचे प्रशिक्षक होते आणि १९६० साली त्या संघाने मेमोरियल कप, म्हणजे ज्युनियर हॉकीचं कॅनडातलं अजिंक्यपद, जिंकला. ही ट्रॉफी १९६९-७० पासून बचावपटूंसाठी आहे. पश्चिमेकडच्या लीगमध्ये बिल हंटर ट्रॉफी आणि क्वेबेकमध्ये एमिल बुशार ट्रॉफी हे तिचेच भाईबंद. कोणाला मिळणार, किंवा कोणाला मिळायला हवी, हे स्वतः ठरवायचं असेल तर गुणतक्ता, म्हणजे गोल आणि सहाय्यांच्या बेरजेचा तक्ता, बाजूला ठेवून वही-पेन्सिल हातात घ्या.

हंगाम ६८ सामन्यांचा असतो. जानेवारीपर्यंत चार-पाच नावं पक्की करा आणि प्रत्येकाचे निदान पाच-सहा सामने पाहा. त्यांतले निम्मे तरी परगावचे हवेत. खेळ थांबल्यावर खेळाडू बदलायची शेवटची संधी यजमान प्रशिक्षकाला मिळते, त्यामुळे घरच्या रिंकवर तो आपल्या बचावपटूला हव्या त्या फळीसमोर उतरवतो. परगावी ती निवड समोरच्याच्या हातात जाते आणि खरी परीक्षा होते. टोरोंटोजवळ ब्रॅम्प्टन-मिसिसागाकडे राहणाऱ्या मराठी मंडळींना याच लीगमधल्या ब्रॅम्प्टन स्टीलहेड्सचे सामने जवळ पडतात. तिकीट काचेलगतचं न घेता वरच्या रांगेतलं, कोपऱ्याकडचं घ्या. टीव्हीवर कॅमेरा पकच्या, म्हणजे खेळातल्या रबरी चकतीच्या, मागे धावतो; बचावपटूचं निम्मं काम चौकटीबाहेर राहतं.

वहीत पहिला रकाना निळ्या रेषेचा, म्हणजे बचावक्षेत्राच्या सीमेचा. प्रतिस्पर्धी त्याच्या बाजूने आत येतो तेव्हा तीनपैकी काय झालं ते लिहा: रेषेवरच अडवला, पक आत भिरकावायला लावला, की पक घेऊन सरळ आत आला. अंतरावर नजर ठेवा. रेषेपाशी दोघांत साधारण एक ते दीड स्टिकचं अंतर असावं. जास्त सोडलं तर समोरच्याला मोकळा शॉट मिळतो. फारच कमी ठेवलं आणि पाय थांबले, तर तो बोर्डच्या, म्हणजे रिंकभोवतीच्या कठड्याच्या, बाजूने निसटतो. मात्र आघाडीचे खेळाडू मागे धावत आलेच नाहीत आणि दोनावर एक अशी वेळ आली, तर बचावपटूला मागे सरकावंच लागतं. ती नोंद त्याच्या खात्यात धरू नका.

दुसरा रकाना सर्वांत महत्त्वाचा, आणि बहुतेक जण नेमका तोच सोडून देतात. पक कोपऱ्यात टाकला जातो, बचावपटू पाठ फिरवून तिकडे धावतो, मागून एक-दोन जण अंगावर येत असतात. पकला स्टिक लावण्याआधी त्याने खांद्यावरून किती वेळा मागे पाहिलं ते मोजा. दोनदा पाहणाऱ्याला साथीदार कुठे आहे आणि दबाव कोणत्या बाजूने येतोय हे आधीच ठाऊक असतं. एकदाही न पाहणारा बोर्डवर चिरडला जातो, नाहीतर आंधळा पास देतो. मग निकाल लिहा: नेमका पास, स्वतः पक घेऊन बाहेर, काचेला आपटवून बाहेर भिरकावला, की गमावला. काचेला आपटवून भिरकावणं नेहमीच चूक नसतं. शिफ्ट (बर्फावरची एका वेळची पाळी) लांबली असेल, पाय जड झाले असतील, तर तेच शहाणपण. पण त्यातून आयसिंग झालं, म्हणजे मधल्या रेषेच्या अलीकडून मारलेला पक थेट समोरच्या गोलरेषेपलीकडे गेला, तर तेच दमलेले पाच जण बर्फावर अडकतात, कारण त्या संघाला खेळाडू बदलता येत नाहीत. म्हणून आयसिंगला वेगळी खूण करा.

गुणांकडे आता या, आणि पॉवर प्लेवरचे, म्हणजे समोरचा खेळाडू शिक्षा भोगत बाहेर असतानाचे, गुण वेगळे काढा. पाचावर चार असताना निळ्या रेषेवरून पास देणाऱ्याला सहाय्य, म्हणजे गोलला कारणीभूत पासचं श्रेय, मिळतंच. त्यावरून बचाव कळत नाही. १९८८-८९ मध्ये नायगारा फॉल्सच्या ब्रायन फोगार्टीने ६० सामन्यांत ४७ गोल आणि १०८ सहाय्य केली. असा हंगाम कोणी गाजवला तर वाद संपतो, पण ते अपवादच. २०१३-१४ चा विजेता ॲरन एकब्लाड ५८ सामन्यांत २३ गोल आणि ५३ गुणांवर होता. नुसता तक्ता पाहणाऱ्याला त्याचं वजन कळलंच नसतं.

प्लस-मायनसवर, म्हणजे खेळाडू बर्फावर असताना संघाने केलेल्या आणि खाल्लेल्या गोलांच्या फरकावर, फार विसंबू नका. पॉवर प्लेवर झालेला गोल त्यात धरत नाहीत, पण गोलरक्षक काढून घेतल्यावर रिकाम्या जाळीत झालेला धरतात. गोलरक्षक कच्चा असेल तर चांगल्या बचावपटूचा आकडाही उणे होतो. पेनल्टी मात्र प्रकारानुसार लिहा. हुकिंग (स्टिक अडकवणं), होल्डिंग (धरून ठेवणं) आणि ट्रिपिंग (पाय अडकवून पाडणं) वारंवार दिसलं तर समजा, गडी मागे पडतोय आणि स्टिकने ओढून वेळ मारून नेतोय.

वयही लिहा. इथे १६ वर्षांच्या पोरासमोर २० वर्षांचा बाप्या येतो. विसाव्या वर्षीचा दांडगा हंगाम आणि सतराव्या वर्षीचा तसाच हंगाम एका मापाने मोजावा का, यावर दरवर्षी भांडणं होतात. पुरस्कार चालू हंगामाचा आहे, पुढच्या भवितव्याचा नाही. त्यामुळे वयाची सूट देऊ नये, असं आमचं मत. एनएचएल, म्हणजे उत्तर अमेरिकेतली मोठी व्यावसायिक लीग, हिच्या नव्या खेळाडूंच्या निवडीत तो कितवा गेला, हेही इथे गैरलागू.

शेवटी दोन नावं बरोबरीत उरली, तर एका गोलची आघाडी असलेल्या सामन्यांची शेवटची दोन मिनिटं पुन्हा पाहा. प्रतिस्पर्ध्याने गोलरक्षक काढून सहावा खेळाडू उतरवला की प्रशिक्षक कोणाला पाठवतो? बाकावर बसवला जाणारा तुमच्या यादीत खाली जातो.