वाटपाचा दावा रखडू नये म्हणून

वडिलोपार्जित शेतजमिनीच्या वाटपाच्या दाव्यात वर्षे जातात ती बहुधा तीन ठिकाणी: समन्स बजावणीत, मयताचे वारस आणण्यात आणि हुकूमनामा झाल्यावर तहसीलमध्ये. तिन्ही ठिकाणी पक्षकाराला हातपाय हलवता येतात.

सुरुवात फेरफारांपासून करा. चालू सातबारा, ८-अ आणि जुने फेरफार लावून वंशावळ जुळवा. लग्न होऊन गेलेली बहीण किंवा मयत भावाची मुले सुटली, तर प्रतिवादी तीच हरकत घेतो आणि दावादुरुस्ती, नवे समन्स असे सगळे पुन्हा सुरू होते. एखादा गट सोडला, तरी अपुऱ्या वाटपाची हरकत येते.

प्रोसेस फी (समन्स बजावणीची फी) आणि दाव्याच्या प्रती वेळेत भरा. बेलिफाचा (समन्स बजावणाऱ्या कोर्टाच्या कर्मचाऱ्याचा) 'घरी आढळले नाहीत' असा अहवाल आला की लगेच फेरसमन्सचा अर्ज द्या. प्रतिवादी टाळतोच आहे असे दिसले, तर दारावर चिकटवून किंवा वर्तमानपत्रातून बजावणी मागा. समन्स मिळाल्यापासून प्रतिवादीची कैफियत, म्हणजे लेखी उत्तर, 30 दिवसांत यायला हवी. कारणे नोंदवून कोर्ट 90 दिवसांपर्यंत मुदत देते. त्यापुढेही काही वेळा सवलत मिळते, हे खरे. म्हणून प्रत्येक मुदत अर्जावर लेखी म्हणणे देऊन खर्च मागा. रोजनामा (तारखेला काय झाले त्याची कोर्टाची नोंद) ई-कोर्ट्स संकेतस्थळावर सीएनआर, म्हणजे दाव्याचा ओळख क्रमांक, टाकून स्वतः वाचा.

प्रतिवादी वारला तर वारस रेकॉर्डवर आणायला 90 दिवस मिळतात, तेही मृत्यूच्या तारखेपासून. तुम्हाला कळले त्या दिवसापासून नव्हे. मुदत टळली की त्याच्यापुरता दावा अबेट होतो, म्हणजे आपोआप संपतो. हे अबेट होणे रद्द करून घ्यायला आणखी 60 दिवस, नंतर विलंबमाफीची वेगळी लढाई. मृत्यूचा दाखला आणि वारसांची नावे-पत्ते त्याच आठवड्यात वकिलाकडे पोहोचवा.

महाराष्ट्रात दावा चालू असल्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवावी लागते. नोंदवली नाही, तर मधेच जमीन घेणाऱ्यावर मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम 52 चे (दाव्याचा निकाल त्यालाही लागू होण्याचे) बंधन येत नाही, आणि दाव्यात नवा पक्षकार उभा राहतो.

प्राथमिक हुकूमनामा फक्त हिस्से ठरवतो. सारा भरणाऱ्या जमिनीचे प्रत्यक्ष वाटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 54 प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होते. कागद तहसीलदाराकडे आणि तिथून भूमी अभिलेखकडे मोजणीला जातो. फाइल पडून राहते ती इथेच. पत्राचा जावक क्रमांक घ्या, मोजणी फी भरा, मोजणीला हजर राहा. समोरच्याने अपील केले म्हणून काम आपोआप थांबत नाही. कोणी तसे सांगितले तर स्थगितीचा आदेश दाखवायला सांगा.

लोकअदालतीत तडजोड झाली तर कोर्ट फी परत मिळते आणि त्यावर अपील नाही. मात्र तडजोडीला गट क्रमांक, क्षेत्र, चतुःसीमा आणि वहिवाटीच्या रस्त्यासह नकाशा जोडा. हिस्सेदारांत अज्ञान मूल असेल, तर कोर्टाची परवानगी आधी घ्या. नाहीतर सज्ञान झाल्यावर ते तडजोड रद्द करून मागू शकते.