जामीनदाराच्या नावाने नोटीस आली तर

आधी नोटिशीवरची तारीख बघा, मग काय रडायचं ते रडा. मी उलट केलं आणि पंधरा दिवस फुकट घालवले.

परळला नोकरीत असताना पतपेढीच्या फॉर्मवर एका सहकाऱ्यासाठी सही केली होती, जेवणाच्या सुट्टीत, डबा उघडा ठेवून. "नुसती सही आहे हो ताई." कर्ज दोन लाखांचं. तो नोकरी सोडून गेला आणि १ लाख ३८ हजारांची थकबाकी माझ्या लालबागच्या पत्त्यावर आली.

"आधी त्याला धरा, मग माझ्याकडे या," हे मीही म्हणाले. चालत नाही. १८७२ च्या करार कायद्याच्या कलम १२८ प्रमाणे, करारात वेगळं काही लिहिलेलं नसेल तर जामीनदार कर्जदाराइतकाच देणेकरी. सर्वोच्च न्यायालयानेही १९६८ साली बँक ऑफ बिहारच्या खटल्यात हेच सांगितलं. ज्याचा पगार हाताशी, त्याच्याकडे पतपेढी आधी येणार.

म्हणून पहिलं काम: कर्जखात्याचा उतारा आणि तुम्ही सही केलेल्या जामीनपत्राची नक्कल लेखी मागा. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या, शिक्क्यासकट. उताऱ्यात दंडव्याज कसं लावलंय ते ओळीओळीने तपासा. तुम्हाला न विचारता कर्जाच्या अटी बदलल्या असतील, तर त्यानंतरच्या व्यवहारापुरती कलम १३३ खाली सुटका मागता येते. पण बारीक अक्षरांत "अशा बदलांना माझी संमती आहे" असं बहुधा छापलेलं असतं. माझ्या फॉर्मवर होतं. पतपेढी नुसती गप्प बसली, दावा लावला नाही, एवढ्याने तुम्ही सुटत नाही.

सहकारी पतपेढी असेल तर ती सहकार कायद्याच्या कलम १०१ खाली उपनिबंधकाकडे, म्हणजे सहकार खात्याच्या अधिकाऱ्याकडे, वसुली दाखला मागते. तिथल्या सुनावणीला रजा टाकून जा आणि हरकत लेखी द्या. दाखला एकदा निघाला की कोर्टात दावा न लावताच जप्तीपर्यंत जाता येतं, आणि त्याविरुद्ध पुनरीक्षण अर्ज, म्हणजे वर फेरतपासणीचा अर्ज, करायचा तर निम्मी रक्कम आधी भरावी लागते.

भरायचेच झाले तर पावतीवर "जामीनदार म्हणून भरणा" लिहून घ्या. काउंटरवरचा माणूस कुरकुरतो, हलू नका. त्या पावतीच्या जोरावर करार कायद्याच्याच कलम १४५ खाली कर्जदाराकडून पैसे परत मागता येतात, आणि पूर्ण देणं फेडलंत तर त्याने ठेवलेल्या तारणावरचा पतपेढीचा हक्क तुमच्याकडे येतो. दोन जामीनदार असतील तर भार निम्मा-निम्मा, कलम १४६. मी सगळे भरले आणि दुसऱ्या जामीनदाराकडून ६९ हजार हप्त्याहप्त्याने घेतले. दिवाळीला फराळ यायचा त्यांच्याकडून, तो बंद झाला.

कर्जदारावर दावा लावायला पैसे भरल्यापासून तीन वर्षं मिळतात. ती तारीख मी कालनिर्णयाच्या मागे लिहून ठेवली. डोंबिवलीच्या पत्त्यावर रजिस्टर पोस्टाने पाठवलेली नोटीस परत आली. तो लिफाफा न फोडता तसाच वकिलाकडे दिलाय.