रास्ता रोकोचं शूटिंग करताय? या चुका टाळा

सोयाबीनच्या भावाचं आंदोलन असो की पीकविम्याचं, आता प्रत्येक मोर्च्यात बसलेल्यांपेक्षा मोबाइल उगारलेलेच जास्त. पण पुढं तहसीलमध्ये किंवा ठाण्यात काही दाखवायची वेळ आली की एकाकडेही धड व्हिडिओ निघत नाही. पोट्ट्यांना काढायची घाई, सांभाळायचा कंटाळा.

स्टेटस टाकलं की नोंद झाली, हा सगळ्यात महागात पडणारा गैरसमज. आमच्याकडे एका फाट्यावर रास्ता रोको होता. रस्त्यात बंड्या आडव्या लावलेल्या. मधातच ॲम्ब्युलन्स आली. पुढं बसलेल्या बाया पटकन उठल्या, दोघांनी बैलांच्या वेसणी धरून बंडी कडेला घेतली, गाडी निघून गेली. नंतर गुन्हा दाखल झाला, त्यात लिहिलेलं : रुग्णवाहिका अडवली. एका पोराने हा प्रसंग पहिल्यापासून टिपला होता. मागितला तर म्हणतो, "भाऊ, स्टेटसले टाकला होता ना!" स्टेटस चोवीस तासांत उडालं. ग्रुपवर उरला तो एक तुकडा, त्याच्यावर गाणं चढवलेलं आणि बंडी हलायच्या आधीच कापलेला. मूळ फाइल? मेमरी फुल झाली म्हणून डिलीट.

व्हॉट्सॲपवर व्हिडिओ नेहमीसारखा पाठवला तर दाबून लहान होतो, फोटोतली वेळ-ठिकाणाची माहितीही निघून जाते. पाठवायचाच तर ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवा. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियम लागू आहे. त्याच्या कलम ६३ खाली अशा फाइलसोबत प्रमाणपत्र द्यावं लागतं आणि त्यात तिची हॅश व्हॅल्यू, म्हणजे फाइलवरून काढलेला तिचा अंक-अक्षरांचा ठसा, लिहावी लागते. फाइलला जरा कात्री लावली की ही व्हॅल्यू बदलते. मी त्याच संध्याकाळी, जेवायच्या आधी, केबल लावून मूळ फाइल दोन पेनड्राइव्हवर घेतो. एक घरी, दुसरा आंदोलनात नसलेल्या माणसाकडे. फोन जप्त होऊ शकतो.

आपल्या पोरांचं झाकणं ही दुसरी खोड. एसटीची काच आपल्यातल्याच कुणी फोडली, तर तेवढं कापून बाकीचं ‘पुरावा’ म्हणून फिरवायचं. समोरच्याकडेही कॅमेरा असतो, बावा! त्याने पूर्ण क्लिप काढली की तुमच्यावर झालेला खरा लाठीमारसुद्धा खोटा ठरतो. मूळ फाइलला हात लावू नका. सगळ्यांना दाखवायची नसेल तर नका दाखवू, वकिलाला मात्र पूर्ण द्या. आणि मी आंदोलनात होतो, हे नोंदीच्या वहीत पहिल्याच ओळीत लिहा. तटस्थपणाचं सोंग उलटतपासणीत टिकत नाही. पाहिलेलं आणि ऐकलेलं वेगवेगळं लिहा. मी ऐकलेल्यापुढं ‘ऐ’ करतो.

घोषणा देत शूटिंग करू नका. आवाज तुमचाच येतो, अधिकारी काय बोलला ते जातं. एक तर घोषणा द्या, नाही तर फोन धरा.

सुरुवात किलोमीटरच्या दगडापासून किंवा गावाच्या पाटीपासून करा, तारीख-वेळ तोंडाने बोला.

‘हजारोंचा जनसमुदाय’ लिहू नका. कोणत्या गावाहून किती गाड्या आल्या, ते मोजा.

चेहरे उजळवणारी ॲप्स पुराव्याच्या फोटोला लावायचीच नाहीत.

लाइव्ह करताना कडेला उभ्या मजुरांचे, शाळकरी पोरींचे चेहरे घेऊ नका. तुम्हाला लाइक मिळतात, त्यांच्या घरी चौकशी जाते.

आता निवेदनाचा फोटो. तहसीलदारांना कागद देताना बारा जण एका कागदाला हात लावून कॅमेऱ्याकडे बघत उभे! फोटो झाला की सगळे चहाला. पोच कुणी घेतली? कोणीच नाही. दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख, शिक्का आणि सही घेतल्याशिवाय तिथून हलू नका. बाबू जेवायला गेला असेल, तर तो येईपर्यंत बाकड्यावर बसा.