विनोदलेखनासाठी अमेरिकेस निघालेल्या नाशिककरांना

दर हिवाळ्यात मी नाशिकला येतो, तेव्हा गंगापूर रोडवरच्या आमच्या घरी दोन-तीन तरुण लेखक भेटायला येतात. त्यांच्या एकांकिका साईखेडकर नाट्यगृहात नाहीतर कालिदास कलामंदिरात गाजलेल्या असतात, लॉस एंजेलिसच्या एखाद्या विद्यापीठात पटकथालेखनाच्या अभ्यासक्रमाला प्रवेश मिळालेला असतो, आणि तिथल्या टीव्हीच्या विनोदी मालिकांत लेखक म्हणून शिरकाव कसा करायचा, हे त्यांना विचारायचे असते. गेल्या हिवाळ्यात आलेली मुलगी नेमकी माझीच जुनी चूक करायला निघाली होती, म्हणून हे लिहून ठेवतो आहे.

आधी व्हिसाविषयी. विद्यार्थी म्हणून गेलात तर पदवीनंतर साधारणपणे १२ महिने काम करण्याची परवानगी मिळते. त्या वर्षात तुम्ही फार तर रायटर्स रूममध्ये, म्हणजे मालिकेचे लेखक एकत्र बसून लिहितात त्या खोलीत, जेवणाच्या ऑर्डरी घेणारे, संहितेच्या प्रती काढणारे मदतनीस व्हाल, आणि त्यात कमीपणा मुळीच नाही. पुढचा मार्ग बहुधा ‘ओ-वन-बी’ या व्हिसाचा असतो. तो असामान्य कामगिरी सिद्ध करणाऱ्यांना, पहिल्या खेपेस जास्तीत जास्त तीन वर्षांसाठी मिळतो. त्याचा अर्ज स्वतःचा स्वतः करता येत नाही, अमेरिकेतील मालक किंवा एजंट (लेखकाला कामे मिळवून देणारा प्रतिनिधी) यांनी तो करावा लागतो. शिवाय टीव्हीच्या कामासाठी लेखकांची संघटना आणि निर्मात्यांची संघटना अशा दोघांचेही अभिप्रायपत्र जोडावे लागते.

माझी चूक इथेच झाली. तिथले मराठी लोक मायेचे आहेत. विमानतळावर कोणीतरी गाडी घेऊन येईल, पहिल्या गणपतीला कोणाच्या तरी घरी मोदक मिळतील, आणि जागा मिळेपर्यंत दोन आठवडे कोणी हसतमुखाने ठेवूनही घेईल. परंतु त्यांतले बहुतेक जण संगणक अभियंते आहेत आणि व्हिसा म्हणजे एच-वन-बी, कंपन्या अभियंत्यांसारख्या नोकरदारांसाठी काढतात तो, एवढेच त्यांना ठाऊक आहे. “कंपनीलाच अर्ज करू दे, खर्च त्यांचा, कटकट त्यांची; नोकरी बदललीस की नवी कंपनी अर्ज टाकेल आणि तू दुसऱ्या दिवसापासून कामाला लागशील,” असे मला एका वडीलधाऱ्या गृहस्थांनी अगदी आपुलकीने सांगितले आणि मी ते ऐकले. एच-वन-बीच्या बाबतीत ते खरे आहे. ओ-वनच्या बाबतीत नव्या मालकाचा अर्ज नुसता दाखल होऊन भागत नाही, तो मंजूर व्हावा लागतो, आणि मंजुरी येईपर्यंत त्याच्याकडे एक दिवसही काम करता येत नाही. माझा अर्ज ज्या निर्मिती कंपनीने केला होता, तिची मालिका २०१८ मध्ये पहिल्याच पर्वानंतर बंद झाली. नियमानुसार जास्तीत जास्त ६० दिवसांची सवलत होती. चाळिसाव्या दिवशी दुसऱ्या मालिकेत जागा मिळाली, पण त्यांचा कागद तयार होईतो मुदत संपली. ती जागा दुसऱ्याला गेली आणि मी चौदा महिने नाशिकला येऊन बसलो.

म्हणून सांगतो, अर्ज एजंटमार्फत करा. एजंट अर्जदार असेल तर एकाहून अधिक मालकांकडची कामे एकाच अर्जात दाखवता येतात आणि मुदतीच्या आत त्याच प्रकारचे नवे काम जोडायला दर वेळी नवा अर्ज लागत नाही. एजंट मिळवणे कठीण आहे, वकिलाचा खर्च तुमच्या माथी येईल, आणि कंपनीने ‘आम्ही करतो’ म्हटल्यावर नको म्हणणे जिवावर येईल, तरीही एजंटमार्फतच करा. वकीलसुद्धा कलाकारांचे अर्ज रोज हाताळणाराच पाहा. तिथल्या मराठी मंडळातल्या ओळखीचा नको.

या अर्जाची खरी तयारी नाशिकमध्येच करायची असते. राज्य नाट्य स्पर्धेची प्रमाणपत्रे, वृत्तपत्रांतली परीक्षणे, तुमचे नाव छापलेल्या निमंत्रणपत्रिका, मानधनाच्या पावत्या हे सगळे पुरावे आहेत आणि प्रत्येक मराठी कागदाचे संपूर्ण इंग्रजी भाषांतर, भाषांतरकाराच्या प्रमाणपत्रासह, जोडावे लागते. माझ्या आईने पंचवटीतल्या जुन्या घरी माझी कात्रणे बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात ठेवली होती; प्रत्येकाच्या कडेला तिने पेन्सिलीने तारीख आणि वृत्तपत्राचे नाव लिहिले होते. कात्रणावर या दोन गोष्टी नसत्या तर वकिलाच्या लेखी त्यांची किंमत शून्य होती. एक परीक्षण तिच्याकडे नव्हते, त्यासाठी माझ्या भावाने सार्वजनिक वाचनालयात बसून दोन दिवस जुने अंक चाळले.

राहायची जागा, बँक, वाहन परवाना यांबद्दल मंडळातले लोक सगळे सांगतील, आणि त्या बाबतीत त्यांचे जरूर ऐका.

आता रायटर्स रूम. सर्वांत खाली स्टाफ रायटर, मग स्टोरी एडिटर, त्यावर निरनिराळ्या पायऱ्यांचे प्रोड्यूसर आणि सर्वांत वर शोरनर, म्हणजे मालिकेची सूत्रे हातात असणारी व्यक्ती, अशी ही उतरंड असते. ‘प्रोड्यूसर’ या शब्दाने फसू नका. तिथे ते बहुतांशी लेखकाचेच पद आहे. नव्या लेखकाने किती बोलावे, याविषयी मतभेद आहेत. माझे मत असे की विनोद एकदाच सांगावा, कोणी उचलला नाही तर सोडून द्यावा, आणि समजावून तर कधीही सांगू नये. तिथले लोक तोंडावर नाही म्हणत नाहीत. तुमच्या कल्पनेवर ‘इंटरेस्टिंग’ असा शब्द आला आणि पाठोपाठ दुसऱ्याच कोणाचे बोलणे सुरू झाले, तर तो नकार समजावा. हा नकार ओळखायला मला एक वर्ष लागले, कारण आपल्याकडे तालमीत “हे जमत नाहीये” असे सरळ ऐकण्याची सवय असते.

पहिल्या वर्षी मी आमच्या मावशीचा एक प्रसंग सुचवला होता. सुरुवात मी भारतातल्या पाहुणचारापासून केली, घरातल्या नात्यांची माहिती दिली, आणि मुद्द्यावर येईपर्यंत सगळ्यांच्या नजरा भिंतीवर लावलेल्या, प्रसंग लिहिलेल्या कार्डांकडे वळल्या होत्या. दोन वर्षांनी दुसऱ्या मालिकेत तोच प्रसंग मी एवढाच सांगितला: पाहुणा चहा नको म्हणण्यासाठी तोंड उघडतो आणि त्याचे वाक्य पुरे होण्याआधी मावशीच्या हातातली साखर पातेल्यात पडलेली असते. एका ज्यू लेखिकेने लगेच स्वतःच्या आजीची गोष्ट सांगितली, तिच्यावर तिसऱ्याने भर घातली, आणि संध्याकाळपर्यंत त्याचे एक पूर्ण दृश्य झाले. संहितेच्या सामूहिक वाचनात नट ते दृश्य वाचत होते, तेव्हा शोरनर हशा आला तिथे पानाच्या कडेला पेन्सिलीने खूण करत होती. त्या पानावर पाच खुणा होत्या.

भारतीय पात्र आले की सगळे तुमच्याकडे पाहतील आणि उच्चारावरचा विनोद मागतील. तो देऊ नका. एकदा दिलात की तेवढ्याचसाठी तुम्हाला ठेवले जाईल, आणि घटस्फोटित बापाचे किंवा दोन बहिणींच्या भांडणाचे दृश्य तुमच्या वाट्याला येणार नाही. आपल्यातलेच काही जण हा विनोद हौसेने पुरवतात, याचे मला फार वाईट वाटते.

पैशांचे थोडक्यात सांगतो. एजंट १० टक्के घेतो, मॅनेजर ठेवलात तर बहुधा आणखी १० आणि वकील ५. म्हणजे कर भरण्याआधीच मिळकतीचा चौथा हिस्सा जातो. सहा महिन्यांचा खर्च शिल्लक असल्याखेरीज गाडी बदलू नका.

ही शिल्लक कशासाठी लागते, ते २०२३ च्या संपात कळले. २ मे ते २७ सप्टेंबर असे १४८ दिवस लेखकांनी काम बंद ठेवले होते. नुकत्याच आलेल्या, संघटनेचे सभासदही नसलेल्या दोन मराठी मुलांना त्या काळात गुपचूप लिहून देण्याविषयी विचारणा झाली आणि दोघेही मोहात पडले होते. संप असलेल्या कंपनीसाठी असे लिहिणाऱ्याला संघटना पुढे सभासदत्व देत नाही, हे त्यांना माहीतच नव्हते. त्यांना भीती होती ती व्हिसाची. ओ-वनवर कामाला असलेला माणूस संपात सामील झाला, तर केवळ त्या कारणाने त्याचा दर्जा जात नाही, असे नियमातच म्हटले आहे. मात्र संपाचे दिवस व्हिसाच्या मुदतीत वाढवूनही मिळत नाहीत. तुमच्या मुदतीची शेवटची तारीख आजच कुठेतरी लिहून ठेवा आणि तिच्या सहा महिने आधी वकिलाला फोन करा.