ड्रॉइंग व्ह्यूअर डीएलएल मागतोय? आधी हे करा

अंबड एमआयडीसीत आमचं टर्निंगचं वर्कशॉप आहे. सोमवारी सकाळी चकमध्ये जॉब बांधला, माप बघायला पीसीवर ड्रॉइंग दाखवणारा व्ह्यूअर उघडला, तर मेसेज आला ‘एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडत नाही’. डीएलएल म्हणजे सॉफ्टवेअरला चालायला लागणारी मदतीची फाइल. ही फाइल एकट्या व्ह्यूअरची नसते, बरीच सॉफ्टवेअर ती मिळून वापरतात. ती गेली की सगळ्यांचंच अडतं.

आमच्या ऑपरेटरने घाईत कुठूनतरी सुटी फाइल उतरवली होती. तसं अजिबात करू नका, तिच्यासोबत व्हायरस येऊ शकतो. मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल, म्हणजे अशा फाइलींचा तयार संच, घ्या. विंडोज ६४ बिटचं असेल तर एक्स८६ (३२ बिटचा) आणि एक्स६४ (६४ बिटचा) दोन्ही टाका, कारण जुने व्ह्यूअर बरेचदा ३२ बिटचे असतात. हाताने फाइल टाकणारे इथेच फसतात: ६४ बिट विंडोजवर ‘सिस्टम३२’ फोल्डरमध्ये ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या ‘सिसवॉव६४’मध्ये. नावं अगदी उलटी!

मग पीसी रीस्टार्ट करा. आमचा व्ह्यूअर लगेच उघडला, चहा यायच्या आत पहिला कट लागला.

गहाळ फाइल व्ह्यूअरच्याच फोल्डरमधली असेल, तर मात्र व्ह्यूअर काढून पुन्हा इन्स्टॉल करा.