जुन्या पीएस२वर पेनड्राइव्हने गेम लावताय? या चुका टाळा

"आत्या, नाव दिसते लिस्टमध्ये. दाबलं की काळं होऊन जाते. काहून?"

मागच्या मे महिन्यातली दुपार. नागपुरात मानेवाड्याला भावाच्या घरी पडदे ओढलेले, कूलर घरघरतोय आणि टीव्हीसमोर माझा भाचा कंट्रोलर मांडीवर ठेवून हिरमुसून बसलेला. पीएस२, म्हणजे सोनीचं प्लेस्टेशन २ हे टीव्हीला जोडायचं गेम मशीन, त्याच्या बाबांचा, कॉलेजात असताना घेतलेला. डिस्क सगळ्या पाऊचमध्ये जपून ठेवलेल्या, पण मशीनची लेन्स दमली आहे. डिस्क टाकली की थोडा वेळ किरकिर होते आणि एरर येतो. म्हणून त्याने डिस्क कॉम्प्युटरवर उतरवून पेनड्राइव्हवर घेतल्या होत्या. पाच गेम टाकले, त्यातला पहिला चालला, बाकी काळे.

पीएस२ जपानमध्ये मार्च २०००मध्ये आला आणि २०१३च्या सुरुवातीला त्याचं उत्पादन थांबलं. सोनीच्या आकड्यांप्रमाणे १५ कोटींहून जास्त मशीन विकली गेली. म्हणजे आज घराघरात पडलेलं सगळ्यात नवं मशीनसुद्धा दहा वर्षांहून जुनं आहे. लेन्स थकणं साहजिक आहे, आणि यूएसबीचा रस्ता अशा मशीनला खरोखर नवं आयुष्य देतो. पण या रस्त्यावर लोक त्याच त्याच खड्ड्यात पडताना मी बघते आणि चांगलं मशीन "बिघडलं" म्हणून भंगारात जातं. ते थांबावं म्हणून हे लिहिते आहे.

आधी एक गोष्ट स्पष्ट करते. मी बोलते आहे ते स्वतः विकत घेतलेल्या डिस्कांबद्दल. १९५७च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२मध्ये, संगणक प्रोग्राम ज्याच्याकडे रीतसर आहे त्याला तो नष्ट होण्यापासून जपायला बॅकअप प्रत काढण्याची मुभा दिली आहे. "शंभर गेम भरून देतो" म्हणून मिळणारी हार्डडिस्क त्यात बसत नाही. शिवाय तिच्यातले गेम कसे कॉपी केलेत हे कुणालाच माहीत नसतं, त्यामुळे पुढच्या निम्म्या तक्रारी तिच्यासोबतच घरी येतात.

मशीन नेमकं काय करतं

साधारण मांडणी अशी असते. मेमरी कार्डवर फ्री एमसीबूट, म्हणजे मशीनवर बाहेरचे प्रोग्राम चालू देणारा प्रोग्राम, त्यातून सुरू होतो ओपन पीएस२ लोडर, म्हणजे ओपीएल, आणि ओपीएल पेनड्राइव्हवरचे गेम दाखवतो. गेमला मात्र आपण पेनड्राइव्हवरून चालतोय याचा पत्ताच नसतो. तो आपला डिस्कच्या भाषेत मागत राहतो, अमुक नंबरचा सेक्टर, म्हणजे डिस्कवरचा ठरलेला तुकडा, दे, तमुक नंबरचा दे. ओपीएल मध्ये उभा राहून ती मागणी पेनड्राइव्हकडे वळवतो.

हे डोक्यात ठेवलं की बहुतेक चुका आपोआप कळतात. डिस्कवर सगळं एका ओळीत असतं. नव्या लेआउटमध्ये प्लॉट नंबर एक, दोन, तीन असे सरळ लागतात तसं. पहिला प्लॉट सापडला की चाळिसावा कुठे असेल ते मोजून सांगता येतं. पेनड्राइव्हवर वारंवार पुसापुशी केली की तिची आमच्या महाल भागातली जुनी गल्ली होते. चौथ्या घरानंतर मंदिर, मग वळण, आणि पाचवं घर पार पलीकडच्या बोळात. कॉम्प्युटर विचारत विचारत पोहोचतो. ओपीएलच्या जुन्या आवृत्त्या सरळ मोजत जातात आणि चुकतात.

म्हणून फाइल सलग हवी. त्यासाठी मी सांगते ती पद्धत कंटाळवाणी आहे, पण मला तिने कधी दगा दिला नाही. पेनड्राइव्ह पूर्ण फॉरमॅट करा. गेम एकेक करून कॉपी करा, पहिला पूर्ण झाल्याशिवाय दुसरा सुरू करू नका. दोन-तीन एकदम ओढून टाकले की त्यांचे तुकडे एकमेकांत मिसळायची शक्यता वाढते. मधलाच एखादा गेम पुसून त्या जागी मोठा टाकलात तर तो हमखास फाटतो, कारण मोकळी जागा दोन ठिकाणी पडलेली असते. अशा वेळी ओपीएल गेम तुकड्यांत असल्याची सूचना देतो, आणि लोक ती न वाचताच बटण दाबून पुढे जातात. सूचना आली की सगळं कॉम्प्युटरवर काढून घ्या, फॉरमॅट करा, पुन्हा एकेक टाका. डीफ्रॅगनेही, म्हणजे विखुरलेले तुकडे पुन्हा सलग लावून, काम होतं, पण अर्ध्या तासाच्या कॉपीसाठी पेनड्राइव्ह रात्रभर घासत ठेवण्यात मला अर्थ वाटत नाही.

फॉरमॅटची चूक

विंडोजमध्ये राइट क्लिक करून फॉरमॅट उघडलं की ३२ जीबीहून मोठ्या ड्राइव्हला वर्षानुवर्षं फॅट३२चा, म्हणजे ड्राइव्हवर फाइली मांडायच्या जुन्या पद्धतीचा, पर्यायच दिसत नव्हता. मग माणूस एक्सफॅट किंवा एनटीएफएस निवडतो, गेम टाकतो आणि ओपीएलमध्ये यादी रिकामी. एनटीएफएस चालत नाही. एक्सफॅट ओपीएलच्या नव्या बीटा आवृत्त्यांना वाचता येतं, जुन्यांना नाही. आणि आपल्याकडे तयार मिळणाऱ्या मेमरी कार्डांवर बहुधा जुनीच आवृत्ती असते. पार्टिशनही, म्हणजे ड्राइव्हवरच्या भागांची नोंदही, जुन्या एमबीआर प्रकारची असावी. नवी जीपीटी असेल तरी जुन्या आवृत्तीत यादी रिकामीच.

मोठी ड्राइव्ह असेल तर रूफस नावाच्या फुकट प्रोग्रामने फॅट३२ आणि एमबीआर दोन्ही करता येतात. माझं मत विचाराल तर ३२ जीबीची साधी पेनड्राइव्ह घ्या. सात-आठ गेम बसतात, आणि सुट्टीत त्याहून जास्त खेळून होत नाहीत. बाहेरची हार्डडिस्क लावण्याआधी तिला लागणाऱ्या करंटचा विचार करा. पीएस२च्या पोर्टवर ती फिरायला सुरुवात करते, टिक टिक करते आणि बंद पडते. डिस्क खराब नसते, तिला पुरेशी वीज मिळत नसते.

फॅट३२चा दुसरा नियम म्हणजे एक फाइल ४ जीबीपेक्षा मोठी चालत नाही. नेमका आकडा ४,२९,४९,६७,२९५ बाइट. एक थर असलेली डीव्हीडी ४.७ जीबीची आणि दोन थरांची ८.५ जीबीची, त्यामुळे काठोकाठ भरलेला साधा गेमसुद्धा इथे अडतो. विंडोज फाइल फार मोठी आहे म्हणून सांगतं आणि लोकांना वाटतं जागा कमी पडली. मग ते आणखी मोठी पेनड्राइव्ह घेऊन येतात. तसं करू नका. यूएसबीयुटिलसारखा प्रोग्राम गेमचे एकेक जीबीचे भाग करून देतो आणि त्यांची नोंद यूएल डॉट सीएफजी नावाच्या छोट्या फाइलमध्ये ठेवतो. हे भाग हाताने पुसू नका, त्यांची नावं बदलू नका. काढायचं असेल तर त्याच प्रोग्राममधून काढा, नाहीतर यादीत नाव राहतं आणि आत गेम नसतो.

भाच्याची काळी स्क्रीन

त्याची फॉरमॅट बरोबर होती, फाइली सलग होत्या, फोल्डर बरोबर होते. तासभर मी सेटिंग बघत राहिले. मग मी त्याला विचारलं, कोणता गेम आधी टाकला होतास? चालणारा तोच होता. सगळ्यात आधी टाकलेला.

पेनड्राइव्ह ६४ जीबीची, बर्डीवरच्या एका दुकानातून घेतलेली, किंमत जरा जास्तच चांगली. एच२टेस्टडब्ल्यू नावाचा छोटा प्रोग्राम आहे, तो ड्राइव्हवर शेवटपर्यंत लिहितो आणि परत वाचून पडताळतो. तो लावून आम्ही जेवायला बसलो. जेवण झालं, आंबे झाले, तरी तो चालूच. शेवटी लाल अक्षरात निकाल आला. ६४पैकी खरी जागा आठ जीबीसुद्धा नव्हती. आत छोटी चिप बसवून तिला मोठी असल्याचं सांगायला लावलेलं. फाइलींची नावं सुरुवातीच्या भागात लिहिली जातात म्हणून यादीत पाचही गेम दिसत होते. नावामागचा माल मात्र कुठेच लिहिला गेला नव्हता.

पोट्ट्याचा चेहरा पडला, पैसे त्याच्या वाढदिवसाचे होते. म्हणून कळकळीने सांगते, नवी पेनड्राइव्ह आणली की पहिला गेम टाकायच्या आधी ही तपासणी करा, बिल जपून ठेवा, आणि आठवड्याच्या आत दुकानात परत न्या.

फोल्डर, नावं आणि सेव्ह न केलेलं सेटिंग

पेनड्राइव्हच्या मुळाशी, म्हणजे दुसऱ्या कुठल्या फोल्डरच्या आत नव्हे, इंग्रजी मोठ्या अक्षरांत सीडी आणि डीव्हीडी असे दोन फोल्डर लागतात. कोणता गेम कुठे टाकायचा ते डिस्क उलटी करून बघा. खालची बाजू निळी असेल तर ती सीडी, चंदेरी असेल तर डीव्हीडी. निळ्या डिस्कची प्रत बहुधा बिन आणि क्यू अशा दोन फाइलींच्या जोडीत निघते, तिला आधी आयएसओ, म्हणजे अख्ख्या डिस्कची एकच फाइल, करून घ्यावं लागतं. गेमचं नाव लहान ठेवा, ३२ अक्षरांच्या आत. त्यात देवनागरी किंवा चित्रविचित्र चिन्हं घालू नका.

ओपीएलच्या सेटिंगमध्ये यूएसबी सुरू करण्याचा पर्याय ऑटोवर ठेवा आणि मग सेव्ह चेंजेस नक्की दाबा. हे न केल्यामुळे "काल चालत होतं, आज यादीच येत नाही" असा फोन मला सगळ्यात जास्त वेळा आला आहे.

अडखळणं म्हणजे बिघाड नव्हे

गेम चालतो पण मधले व्हिडिओ अडखळतात, आवाज तुटतो. इथे लोक पेनड्राइव्ह बदलत बसतात, महागडी यूएसबी ३ची आणतात. पैसे वाया जातात. पीएस२चे पोर्ट यूएसबी १.१चे आहेत, सेकंदाला १२ मेगाबिट, म्हणजे कागदावर दीड एमबी आणि प्रत्यक्षात त्याहून कमी. मशीनचा स्वतःचा डीव्हीडी ड्राइव्ह सेकंदाला पाच एमबीच्या वर वाचतो, आणि गेम बनवणाऱ्यांनी व्हिडिओ त्या वेगाला धरून बसवले. अरुंद पोर्टातून तेवढं पाणी येणारच नाही, बाहेर कितीही मोठी टाकी लावा.

ओपीएलमध्ये प्रत्येक गेमसाठी मोड १ ते ६ अशा खुणा करता येतात. मोड ४ व्हिडिओ गाळतो, त्यामुळे अडकणारे काही गेम पुढे सरकतात. पण सगळ्या खुणा एकदम करू नका. एक बदल करा, गेम चालवा, नाही जमलं तर ती खूण काढून दुसरी करा. पाच गोष्टी एकाच वेळी बदलल्या की चाललं तरी कशामुळे चाललं ते कळत नाही.

वेगच हवा असेल तर यूएसबी सोडा. सडपातळ पीएस२मध्ये, म्हणजे मॉडेल नंबर एससीपीएच ७०००० पासून पुढे, नेटवर्क केबलचं लॅन पोर्ट आहे. घरच्या कॉम्प्युटरवरून केबलने गेम चालतात आणि फरक लगेच जाणवतो. मात्र त्यासाठी कॉम्प्युटरवर एसएमबीची, म्हणजे नेटवर्कवरून फाइली देण्याच्या पद्धतीची, जुनी पहिली आवृत्ती चालू करावी लागते, आणि ती सुरक्षेच्या दृष्टीने कच्ची आहे. ज्या कॉम्प्युटरवरून बँकेचे व्यवहार होतात त्यावर ती चालू करू नका, त्यापेक्षा एखादा जुना लॅपटॉप त्या कामाला ठेवा.

आपल्या उन्हाळ्याचं

नागपुरात पारा ४५च्या वर गेला की खोलीतली हवाच मशीनला गार करू शकत नाही. अर्ध्या तासाने गेम गोठत असेल आणि सकाळी तोच नीट चालत असेल तर पेनड्राइव्हला दोष देऊ नका. मशीन टीव्हीच्या कपाटातून बाहेर काढा, पंख्याच्या जाळीतली धूळ ब्रशने काढा. कूलरच्या थेट झोतात मात्र ठेवू नका. गार वाटतं खरं, पण ती हवा ओली असते आणि आपल्या जड पाण्याचे पांढरे डाग मी एका मशीनच्या पोर्टमध्ये स्वतः पाहिले आहेत.

कॉपी चालू असताना लाइट गेली तर त्या फाइलवर विश्वास ठेवू नका, पुसून पुन्हा टाका. आणि पेनड्राइव्ह कॉम्प्युटरमधून काढताना सेफली रिमूव्ह करूनच काढा.

जुन्या मेमरी कार्डाला हात लावू नका

ही चूक मी सगळ्यात शेवटी ठेवली, कारण बाकी सगळं दुरुस्त होतं, ही होत नाही. फ्री एमसीबूट टाकून घ्यायला लोक दुकानात घरचं जुनंच मेमरी कार्ड देतात. माझ्या भावाने दिलं होतं. दुकानदाराने ते फॉरमॅट करून परत दिलं. आठ एमबीच्या त्या कार्डावर त्याचे कॉलेजातले सगळे सेव्ह, म्हणजे खेळ कुठवर आला त्याच्या नोंदी, होते, हॉस्टेलच्या मित्रांबरोबर रात्र रात्र जागून खेळलेला क्रिकेटचा सीझन होता. त्यातला एक मित्र आज नाही. भाऊ काही बोलला नाही, पण बराच वेळ ते कार्ड हातात फिरवत राहिला.

फ्री एमसीबूटसाठी वेगळं कार्ड घ्या. ते घेण्याआधी मशीनखालचा नंबर वाचा. ९०००० मालिकेतल्या उशिराच्या, बायोस, म्हणजे मशीनच्या आतला मूळ प्रोग्राम, २.३० असलेल्या मशीनवर ते चालत नाही, तिथे दुसरे मार्ग शोधावे लागतात. चालत असेल तर नवं कार्ड दुसऱ्या खाचेत लावा आणि जुनं पहिल्या खाचेत जसंच्या तसं ठेवा. मग नव्या कार्डावरचा यूलाँचएल्फ हा फाइली हाताळायचा प्रोग्राम उघडा, फाइल ब्राउझरमध्ये एमसी० म्हणजे जुन्या कार्डावर जा, सेव्हचा फोल्डर निवडा, आर१ दाबून कॉपी करा. मास म्हणजे पेनड्राइव्हवर येऊन पुन्हा आर१ दाबा आणि पीएसयू पेस्ट निवडा, म्हणजे एकेक सेव्ह एका फाइलमध्ये बांधला जातो. त्या फाइली कॉम्प्युटरवर घ्या, आणखी एका ठिकाणी ठेवा. पंधरा मिनिटांचं काम आहे. पेनड्राइव्हवर पहिला गेम टाकायच्या आधी ते करा.